रविवारावर लावलेली वही

मार्च लागला की कुरुंद्याच्या शिवारातल्या बायकांचे हात पिवळे होतात. नखं पिवळी, टाचा पिवळ्या, थापलेली भाकरीसुद्धा कडेनं पिवळी. नवरीच्या अंगाची हळद आठ दिवसांत उतरते, ही उन्हाळा सरेपर्यंत उतरत नाही. रिबकाच्या वहीची पानंही त्यामुळंच पिवळी झाली होती. पान उलटायच्या कोपऱ्यावर तर अंगठ्याचा ठसाच उमटला होता.

वही म्हणजे खरं तर डायरी. तीही तीन वर्षांपूर्वीची. वसमतच्या एका खतांच्या दुकानात न वाटलेल्या डायऱ्यांचा गठ्ठा पडून होता, तो पाळकसाहेबांच्या पत्नीनं, सुमनबाईंनी, मागून आणला आणि जानेवारीच्या पहिल्या रविवारी उपासना झाल्यावर वस्तीतल्या नऊ बायकांना आणि चार पोरींना एकेक दिली. रोज तीन ओळी लिहायच्या. आज काय पाहिलं, आज काय केलं, प्रभूला काय सांगायचं. आणि एक नियम. कुणी कुणाची वही उघडायची नाही. ती आपली आणि प्रभूची.

पहिल्याच दिवशी घोळ झाला. भिंतीवरचं कॅलेंडर पाच तारीख दाखवत होतं, तर डायरीतला पहिला रविवार दोन तारखेला होता. आता पाच तारखेच्या पानावर लिहायचं की रविवारच्या? अर्धा घंटा बायका भांडल्या. शेवटी सगळ्यात म्हातारी हन्नाआजी म्हणाली, "तारखीचं काय घिऊन बसलाव? आपल्याला रविवार सांभाळायचा हाय. रविवार चुकला की सगळंच चुकलं." झालं. नऊही बायकांनी रविवारच्या पानापासून सुरुवात केली. वार बरोबर, तारीख तीन दिवस मागं. कुणाचं काही अडलं नाही.

रिबका दुसरीतून शाळा सुटलेली. अक्षर लावायला तिला लेकीनं शिकवलं. शलोमी नववीला होती आणि मास्तरणीच्या वरताण होती. दर शनिवारी आईची वही घेऊन ती लाल पेन्सिलीनं चुका काढायची. नियमाला एवढी एक सूट सुमनबाईंनी दिली होती. रिबकाच्या पहिल्या दोन ओळी कशाबशा भरत. 'हळद भरली. भाकर केली.' तिसरी ओळ मात्र कोरी राही. नाहीतर 'स्तुती असो' एवढंच. देवाला काय सांगायचं हे तिला खरंच सुचत नसे. नवरा जळबा कारखान्यावर ट्रॅक्टर चालवायला गेलेला, तो पाडव्याला येणार. तेवढं सांगून झालं की संपलं.

यंदा बायकांची टोळी विश्वंभर मालकाच्या हळदीवर होती. खणलेले गड्डे टोपल्यांनी वाहायचे, कुकरच्या लोखंडी पिंपात वरून ओतायचे, वाफेवर शिजले की खालचं दार उघडून फावड्यानं ओढायचे आणि उन्हात पसरायचे. दारावर एक बाई लागायची. ते काम जोखमीचं. वाफ पुरती उतरायच्या आत दार हललं तर उकळतं पाणी अंगावर. दाराला जाड कडी होती आणि मुकादम हरिचंद शिट्टी मारेपर्यंत तिला हात लावायचा नाही, असा रिवाज होता.

सोमवारी ती कडी तुटली. दारावर त्या दिवशी रिबकाच होती. हरिचंदनं नवी कडी आणायला कुरुंद्याला जायचा कंटाळा केला, कुठून तरी तार आणली, चार वेढे दिले आणि वरून ओल्या पोत्याचं फडकं गुंडाळलं.

"मुकादम, ही टिकंल का?" रिबकानं विचारलं.

"तुला टिकवायचीय का मला? तू फावडं ओढ."

दिवसभर ती दारापासून दोन हात लांब उभी राहिली. वाफ चढली की तार कुरकुरायची. तो आवाज संध्याकाळी भाकरी थापतानाही तिच्या कानात होता.

मंगळवारी सकाळी हरिचंदनं कामं वाटली तेव्हा रिबका म्हणाली, "माझा हात दुखून राहिला. मी पसरणीवर जाते."

"मंग दारावर कोण?"

"मी लागते की," जमनाबाई म्हणाली. जमना शेजारच्या तांड्यावरची. सोमवारी ती भाचीच्या लग्नाला गेली होती, त्यामुळं कडीचं तिला काहीच ठाऊक नव्हतं. हसतमुख बाई. कामाला पुरुषासारखी आणि बोलायला दोघींच्या वाटचं. रिबकाच्या हातातलं फावडं घेताना ती म्हणाली, "जा, हात शेकून घे. हळद तर हायेच."

रिबकानं तोंड उघडलं होतं. पण हरिचंद बघत होता, टोपल्या सुरू झाल्या होत्या, आणि सांगितलं असतं तर जमना म्हणाली असती, मग तूच का नाही उभी राहत. रिबका गेली. पसरणीवर जाऊन वाकली. दुसऱ्या घाण्याला तार सुटली.

जमनाची किंकाळी रिबकानं पाठमोरी ऐकली. मानेपासून कोपरापर्यंत उजवी बाजू सोलली गेली होती. चोळीचं कापड कातड्याला चिकटलं होतं. बायकांनी तिला लिंबाखाली नेलं, हन्नाआजीनं माठ रिता केला. मालकाच्या जीपनं नांदेडला नेलं. जीप निघताना जमनाचा नवरा पुनमचंद धावत आला आणि मागच्या फळीला धरून चढला.

त्या दिवशी दिवेलागणीला रिबकानं वही उघडली. न लिहिता झोपता आलं असतं. पण सवय लागली होती. वाकड्या अक्षरांत तिनं लिहिलं. 'कडीची तार सुटली. जमना भाजली.' दुसरी ओळ लिहायला फार वेळ लागला. 'माझा हात दुखत नवता. मी भिऊन बाजूला झाले. जमनाला तारचं सांगीतल नाई.' तिसरी ओळ कोरी राहिली.

बुधवारी सकाळी कुकरच्या दाराला नवी कडी बसलेली होती, वर काळा रंगही फासलेला. तार आणि फडकं कुठं गेलं कुणाला माहीत. आणि गुरुवारी हरिचंद वस्तीत आला. रिबका अंगणात तांदूळ निवडत होती. तो खाली बसला नाही.

"पोलिसाचा माणूस येईल सोमवारी. जबाब घ्यायला. जमनानं शिट्टीच्या आधी दार उघडलं. पिऊन आलती."

रिबका बघतच राहिली. "जमना पीत न्हाई."

"तांड्यावरची हाय ती. कोण म्हणंल पीत न्हाई? दवाखाना मालक पुढं करतील, मानुसकी म्हणून. पण चूक तिची. तू म्हणायचं, मी पसरणीवर होते, मला दिसलं न्हाई. खोटं हाय का ह्यात काही? होतीस ना पसरणीवर?"

"होते."

"मंग झालं. आणि तुमचं चर्चचं पत्र्याचं शेड कुणाच्या बांधावर हाय ते ध्यानात ठेव. मालकानं सांगायला लावलं न्हाई. मीच सांगून राहिलो."

तो गेला. तांदळात खडे होते की नव्हते, रिबकाला दिसेना. खोटं काहीच नव्हतं, हीच तर पंचाईत होती. ती पसरणीवर होती. तिला दिसलं नव्हतं. एवढ्या खऱ्या बोलण्यात केवढं खोटं मावतं, हे तिला त्या दिवशी कळलं आणि स्वतःचीच किळस आली.

शनिवार आला. शलोमीनं नेहमीसारखी वही मागितली. रिबका भांडी घासत होती, हात राखेचे होते, आणि वहीचं तिच्या डोक्यातून पार गेलं होतं. "कोनाड्यात हाय," ती म्हणाली. म्हणाली आणि हात थांबले. तोवर पोरगी दारात बसून पानं उलटत होती.

बराच वेळ पेन्सिलीचा आवाज आला. मग वही परत कोनाड्यात गेली. शलोमीनं घागर उचलली आणि बोअरवर गेली. जेवताना बोलली नाही. आईकडं बघितलंही नाही.

रिबकानं चोरासारखी वही काढली. मंगळवारचं पान. 'नवता' खोडून लाल पेन्सिलीनं 'नव्हता' केलं होतं. 'सांगीतल नाई'चं 'सांगितलं नाही'. एवढंच. एक शब्द जास्त नाही. पोरीनं चूक फक्त अक्षरांची काढली होती, बाकी सगळं जसंच्या तसं ठेवलं होतं. आईला ते चपराकीपेक्षा जास्त लागलं.

रविवारी उपासनेत नेहमीप्रमाणं साक्षीची वेळ आली. साक्ष म्हणजे उभं राहून सांगायचं, प्रभूनं या आठवड्यात काय केलं. कुणाचा ताप उतरला, कुणाची म्हैस सापडली. सगळे म्हणतात, स्तुती असो. रिबका उभी राहिली. "प्रभूनं मला..." एवढं म्हणाली आणि थांबली. प्रभूनं तिला काय केलं होतं? भाजण्यातून वाचवलं होतं म्हणायचं? ती खाली बसली. बायकांना वाटलं, जमनाच्या दुःखानं गहिवरली. कुणीतरी "स्तुती असो" म्हणालंसुद्धा.

उपासना सुटल्यावर तिनं सुमनबाईंना शेडच्या मागं गाठलं आणि सगळं सांगितलं. सुमनबाई शिकलेली, शहरातून आलेली बाई. पण तिचाही चेहरा उतरला. तिनं पत्र्याच्या शेडकडं पाहिलं.

"वहीतलं वहीत राहू दे, रिबका. प्रभूनं वाचलंय ते."

"प्रभूला आधीच म्हाईत व्हतं, बाई. जमनाला न्हाई म्हाईत. तिला पिलेली म्हणून राहिले."

सुमनबाईनं पुन्हा शेडकडं पाहिलं. ते पाहणं रिबकाला कळलं. तेरा लेकीबाळींना डोक्यावर पत्रा हवा होता. पण घरी जाताना, कोरड्या ओढ्यातून चढताना, रिबकाचं ठरून गेलं. ठरल्यावर भीती कमी झाली नाही.

सोमवारी अकराच्या उन्हात जमादार आला. लिंबाखाली खुर्ची टाकली होती. मालक बाजेवर बसला होता, हरिचंद दारापाशी कडी खडखडवून दाखवत होता. "बघा साहेब, एकदम शाबूत. बाईनंच उघडली." पुनमचंद नांदेडहून आला होता. दाढी वाढलेली, डोळे तांबारलेले. तो लांब, बांधाच्या दगडावर बसला होता.

"अजून कोण होतं?" जमादारानं विचारलं.

"बायका होत्या. पर त्या पसरणीवर. कुणाला काही दिसलं न्हाई," हरिचंद म्हणाला.

"मला म्हाईत हाय," रिबका पुढं झाली. पदराखालून तिनं वही काढली. "जमना पिलेली न्हव्हती, साहेब. कडी सोमवारीच तुटलेली. मुकादमानं तार बांधली. ही कडी मागून बसवली."

"खोटं बोलून राहिली साहेब! हिला काय ठाऊक? ही तर तिकडं होती."

"व्हय, तिकडं होते. काहून होते ते बी ह्यात लिवलंय." आणि तिनं वाचायला सुरुवात केली. एकेक अक्षर लावत, बोट ठेवत. कडीची तार सुटली. जमना भाजली. माझा हात दुखत नव्हता. इथं बोट अक्षरावरून घसरलं. तिनं पदरानं तोंड पुसलं आणि पुन्हा बोट ठेवलं. मी भिऊन बाजूला झाले. जमनाला तारेचं सांगितलं नाही.

पुनमचंद दगडावरून उठला होता.

जमादारानं हात पुढं केला. पान पाहिलं आणि त्याच्या भुवया वर गेल्या. "बाई, हे कधी लिहिलं?"

"त्याच दिवशी. मंगळवारी."

"यावर तर एक मार्च छापलंय. महाशिवरात्री."

हरिचंद मोठ्यानं हसला. "घ्या! शिवरात्र मागच्याच्या मागल्या बुधवारी झाली, साहेब. सगळं गाव औंढ्याच्या जत्रेला गेलतं, मीच टॅक्टर भरून नेलता. कुकर बंद! आणि ही म्हणते त्या दिवशी बाई भाजली. रचलेलं हाय समदं. लाल पेनशिलीनं दुरुस्त बी केलंय, बघा."

मालकही गालात हसला. "डायरी जुनी हाय, साहेब. आमी रविवारावर लावली. वार बघा, तारीख नका बघू."

"रविवारावर लावली म्हणजे?"

तिला सांगता येईना. घरात रोज जे सरळ वाटत होतं ते इथं येड्यासारखं वाटत होतं. ती "रविवार बराबर हाय, रविवार बराबर हाय," एवढंच म्हणत राहिली आणि हरिचंद तिची नक्कल करून हसत राहिला.

तेवढ्यात हन्नाआजी काठी टेकत पुढं आली. "पोरींनो, जा. आपापल्या वह्या आना."

वस्ती हाकेच्या अंतरावर होती. बायका पळाल्या. वर सोयाबीनचं चित्र असलेल्या सारख्या डायऱ्या खुर्चीसमोर येऊन पडू लागल्या. जमादारानं एक उघडली. काल रविवार, पान सहा मार्च. दुसरी, तेच. तिसरी, तेच. मग तो मागं गेला, मागच्या सोमवारच्या पानावर. एकीनं लिहिलं होतं, 'कडी तुटली. कुकर दोन घंटे बंद.' दुसरीनं, 'मुकादम तार हुडकत होता, तवर भाकर खाल्ली.' हन्नाआजीला लिहिता येत नव्हतं, तिनं प्रत्येक पानावर नुसता क्रूस काढला होता. तोही कालच्या सहा मार्चपर्यंतच आला होता.

"सगळ्यांच्या तीन दिवस मागं," जमादार पुटपुटला.

शेवटची डायरी सुमनबाईंची होती. ती कधी येऊन उभी राहिली कुणाला कळलं नाही. तिनं स्वतः पान उघडून दिलं. छापील महाशिवरात्रीच्या खाली नीट अक्षरांत लिहिलं होतं, 'जमनाबाई भाजल्या. नांदेडला नेले.' "जुन्या डायऱ्या मीच दिल्या, साहेब. आम्ही रविवारपासून मोजतो."

मालकाचं हसू गेलं होतं. "बाई, चर्चची जागा कुणाची हाय ते बी लिवलंय का वहीत?"

"लिहिलंय मालक. तुमच्या वडिलांनी प्रार्थनेसाठी दिली, ते लिहिलंय." सुमनबाईंनी एकेक शब्द नीट उच्चारला.

जमादार लिहायला लागला. हरिचंद पाणी प्यायला गेला तो बराच वेळ आला नाही. पुनमचंद मात्र सरळ रिबकासमोर येऊन उभा राहिला.

"तुला म्हाईत व्हतं," तो म्हणाला. "आणि तू तिला फावडं दिलं."

"व्हय, दादा."

तो थुंकला. तिच्या पायापाशी, मातीत. मग बांध ओलांडून तांड्याकडं निघून गेला. रिबकानं मान खाली घातली नाही. ते तिच्या वाटणीचं होतं, ते तिनं घेतलं.

मालकानं टोळी बंद केली. चार दिवस. पण खणलेल्या हळदीचा ढीग काही कुणाचा मान राखत नाही. दुसरी टोळी ऐन हंगामात मिळेना, खालचे गड्डे गरम होऊन वास मारायला लागले, आणि पाचव्या दिवशी हरिचंद वस्तीत आला. या वेळी तो बसला.

"उद्यापासून या."

"येतो," रिबका म्हणाली. "जमनाला पट्टीला न्यायला जीप जायला पाहिजे. दर खेपंला. आणि दारावर दुसरं कुणी लागनार न्हाई. मीच लागते."

"तुझा तर हात दुखत होता ना?" हरिचंद तिरकं बोलला.

"आता न्हाई दुखत."

त्या दिवसापासून ती दारावर. वाफ चढली की छाती धडधडायची, अजूनही. रोज सकाळी ती कडीला तीनदा हिसका देऊन बघायची. शेडला मालकानं हात लावला नाही. जबाबात त्याच्या बापाच्या दानाचं नाव आलं होतं, आता काढतो कसा?

जमना घरी आली तशी रिबका रोज काम सुटल्यावर तांड्यावर जाऊ लागली. पहिल्या दिवशी पुनमचंदनं दार लावून घेतलं. दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी तो घरी नव्हता. रिबका आत गेली, चूल सारवली, दोन घागरी पाणी भरलं. जमना बाजेवर पडून होती, मान ताठ, पट्ट्यांतून पिवळा डाग आलेला. तिनं भिंतीकडं तोंड केलं. रिबका बसली, उठली, घरी आली. वहीत लिहिलं, 'जमना बोलली नाही.'

असं नऊ दिवस. नऊ पानांवर तीच ओळ. शलोमी शनिवारी वही तपासायची. आता तिला लाल पेन्सिल फारशी लागत नसे. तिसऱ्या ओळीच्या कोऱ्या जागेवर बोट ठेवून एकदा ती म्हणाली, "आई, इथं काहून काही लिवत न्हाईस?"

"काय सांगू प्रभूला? माफ कर म्हनू? भाजलं त्याला का?"

शलोमीनं वही मिटली. मग ती आईच्या मांडीवर डोकं ठेवून पडली. दोन आठवड्यांनी पहिल्यांदा.

दहाव्या दिवशी रिबकानं घागर उचलली तेव्हा भिंतीकडून आवाज आला. बसका, वापरात नसलेला.

"आता दारावर कोण हाय?"

रिबकाच्या हातातली घागर डचमळली. "मी."

बाहेर शेळी ओरडत होती. मग जमना सावकाश, दुखरी मान सांभाळत, या अंगावर वळली. तिनं रिबकाकडं पाहिलं. त्या नजरेत माया नव्हती. पण ती भिंतीवर नव्हती, रिबकावर होती.

"हात दुखत न्हाई का आता?"

"न्हाई." रिबकानं घागर खाली ठेवली. "तवाबी दुखत नव्हता."

"म्हाईत हाय. धन्यानं सांगितलं." जमनानं डोळे मिटले. "रांजन बी भर जाता जाता. अर्धाच हाय."

रिबकानं रांजण भरला. काठोकाठ, सहा घागरी. घरी आली, हात धुतले, पिवळा रंग काही गेला नाही. दार उघडं होतं, अजून उजेड होता. तिनं वही घेतली. पहिली ओळ लिहिली नाही, दुसरीही नाही. बोट थेट तिसरीवर गेलं, आणि शलोमीनं न सांगता बरोबर शुद्ध लिहिलं.

'प्रभू, जमना बोलली.'